पॅनेलवरची किल्ली

खरं सांगायचं तर अशा सदरांमधले अनुभव मी आजवर चहाबरोबर, हसायला म्हणून वाचत आले. चिंचेचं झाड, पांढऱ्या साडीतली बाई, मागे वळून न बघता चालत राहणं... आमच्या घरात असल्या गोष्टींना थाराच नव्हता. आम्ही बौद्ध. संध्याकाळी बुद्धवंदना, मग अभ्यास, मग जेवण. लहानपणी शेजारच्या काकूंनी एकदा माझी दृष्ट काढली, तर अप्पा — माझे वडील — त्यांच्यासमोरच म्हणाले होते, "मीटर लावून मोजता येत न्हाय, ते माज्या पोरीला शिकवू नगा." काकू महिनाभर आमच्याशी बोलल्या नाहीत.

मीही त्यांच्याच वळणावर गेले. इलेक्ट्रिकल इंजिनिअर झाले, आणि कोल्हापुरातच एका वीजपुरवठ्याच्या कंट्रोल रूममध्ये लागले. पूर्वी प्रत्येक सबस्टेशनात ऑपरेटर बसायचा. ब्रेकर, म्हणजे घरातल्या बटणाचा थोरला भाऊ समजा, तो हँडल फिरवून चालू-बंद करायचा. आता आम्ही शहरात बसून ते माऊसने करतो. भिंतीभर स्क्रीनवर सगळ्या लाईनी रेघांसारख्या दिसतात. कुठे बिघाड झाला, कुठला भाग कुठल्या लाईनवर टाकता येईल, हे कॉम्प्युटर हिशोब करून सांगतो. एक लक्षात ठेवा, आमच्याकडे रंग उलटे असतात. लाल म्हणजे चालू, हिरवा म्हणजे बंद.

अप्पा त्या जुन्या ऑपरेटरांपैकी. शिरोलीच्या बाजूच्या एका सबस्टेशनात त्यांची सगळी नोकरी गेली. तिथे एक पद्धत होती. वायरमन खांबावर चढण्याआधी 'लाईन क्लिअर' घेतात, म्हणजे लाईन बंद आहे आणि मी सांगेपर्यंत चालू करायची नाही, असा शब्द घेतात. तो शब्द दिला की अप्पा स्कूटरची किल्ली खिशातून काढून पॅनेलवरच्या त्या ब्रेकरच्या हँडलला अडकवायचे. माणसं खाली उतरेपर्यंत किल्ली तिथेच. ज्यानं अडकवली त्यानंच काढायची, दुसऱ्यानं हात लावायचा नाही. ड्यूटी संपली तरी किल्ली लटकत असेल तर अप्पा घरी येत नसत, कारण येणार कशावर? आई चिडायची. अप्पा म्हणायचे, "माणूस इसरतो गं. पर किल्लीबिगार घरला जाता येत न्हाय, म्हणून इसरत न्हाय."

मी स्काडात लागले — या सगळ्या कॉम्प्युटर-कंट्रोलला स्काडा म्हणतात — तेव्हा त्यांना मोठ्या तोऱ्यात सांगितलं होतं की आता किल्लीची गरज नाही, स्क्रीनवर ब्रेकरला 'चालू करू नका' असा टॅग लावला की झालं. त्यांनी ऐकून घेतलं. "तुज्या मशीनला घरला जायाचं असतं व्हय?" एवढंच विचारलं.

स्कूटर पुढे विकली. दुसरी किल्ली गिऱ्हाइकाला दिली, पण ही त्यांनी ठेवून घेतली. तांब्याच्या तारेची कडी, आणि त्यात माझा शाळेतला मॉनिटरचा पितळी बिल्ला, एक कोपरा मुडपलेला. असली दुसरी किल्ली जगात असणं शक्य नाही.

तर... तो पूर. पंचगंगेचं पाणी चढायला लागलं त्याच आठवड्यात अप्पांची फुप्फुसं पार बिघडली. राजारामपुरीतल्या एका हॉस्पिटलात त्यांना व्हेंटिलेटरवर ठेवलं. ॲडमिट करताना घड्याळ, चष्मा सगळं काढून आईकडे दिलं, पण किल्ली काही मुठीतून सुटेना. शेवटी नर्सनेच हसून ती उशीखाली ठेवली. मी तिथे होते. माझ्या डोळ्यांसमोर ठेवली.

त्यानंतर मी त्यांना पाहू शकले नाही. माझ्यानंतरच्या शिफ्टचा माणूस पाण्यापलीकडे अडकला, आणि कंट्रोल रूमची खुर्ची रिकामी सोडता येत नाही. हॉस्पिटल दोन-तीन चौकांवर, आणि मी तिथे बसून लाईनी सांभाळत होते. रडायला येत होतं, पण रडत बसले तर स्क्रीन कोण बघणार?

राजारामपुरीकडे वीज आणणाऱ्या दोन लाईनी. त्यातली एक पाण्याखाली गेली म्हणून आम्हीच बंद केली होती. दुसरी, अप्पांच्या त्या सबस्टेशनातून येणारी, दुपारी झाड पडून गेली. मी कॉम्प्युटरला सगळीकडून विचारून पाहिलं. ह्या लाईनवरून फिरवू का, त्या सबस्टेशनातून उचलू का? प्रत्येक वाटेवर ओव्हरलोड. ती एक लाईन जोडली जाईपर्यंत काहीच होणार नव्हतं. आनंदा नाना, आमचे फोरमन, माणसं घेऊन नावेने निघाले. मी लाईन क्लिअर दिला, स्क्रीनवर टॅग लावला, आणि वाट बघत बसले.

आईचे फोन सुरू झाले.

"सुजे, हितं जनरेटरवर चाललंय सगळं. हायवे बंद हाय, डिझेल येत न्हाय म्हणत्यात."

"माणसं गेलीत आई. होईल."

"तू हैस न्हवं तितं? मग लाव की लाईट!"

काय सांगणार होते मी तिला? नळाची तोटी फिरवल्यासारखी वीज सोडता येत नाही म्हणून?  बाहेर कोसळणारा पाऊस, आणि स्क्रीनवर तो हिरवा चौकोन जसाच्या तसा.

आईचा पुढचा फोन आला तेव्हा मागून आरडाओरडा ऐकू येत होता. जनरेटर बंद पडला होता. व्हेंटिलेटरची बॅटरी थोडा वेळ चालेल, मग डॉक्टर हाताने फुगा दाबून श्वास देणार. "किती येळ दाबणार गं हातानं?" आई विचारत होती. तेवढ्यात दुसऱ्या फोनवर आनंदा नाना आले.

"म्याडम, लाईन क्लिअर परत घ्या. झाड काडलं, तार जोडली. सगळी माणसं खाली, नावंत हाईत. चार्ज करा."

मी नेमाप्रमाणे त्यांचं वाक्य परत म्हणून खात्री केली. टॅग काढला. ब्रेकरवर क्लिक केलं. 'चालू' दाबलं.

कमांड फेल.

चौकोन हिरवाच. पुन्हा दाबलं. फेल. त्या सबस्टेशनाशी संपर्क व्यवस्थित होता. तिथलं व्होल्टेज, बॅटरी, सगळं मला दिसत होतं. फक्त हा एक ब्रेकर जागचा हलत नव्हता. मी तिसऱ्यांदा दाबलं, आणि दाबताना मोठ्याने ओरडले, "लाग रे बाबा, लाग, माझे अप्पा आहेत तिथं!" एका यंत्राच्या पाया पडायचं तेवढं बाकी राहिलं होतं. फेल.

पुरामुळे सबस्टेशनात मुद्दाम बसवलेला ऑपरेटर सकाळीच नावेने बाहेर काढला होता. खोली उंचावर, कोरडी, पण भोवती माणूसभर पाणी आणि दाराला कुलूप. कुलपाची किल्ली नानांच्या कमरेला. जाऊन हाताने ब्रेकर लावा, हे सांगायला मी नानांना फोन लावते आहे, तेवढ्यात त्यांचाच आला. आवाज ओळखू येत नव्हता.

"म्याडम! चार्ज करू नगा! न्हाय न्हवं केलं? सर्जेराव वरच हाय! वरच ऱ्हायलाय त्यो!"

झालं होतं असं. पावसाच्या धारांत नाव वल्हवणाऱ्या गावकऱ्याला समोरचं दिसेना, म्हणून सर्जेराव वायरमनने चढताना आपलं पिवळं हेल्मेट त्याच्या डोक्यावर घातलं. सर्जेराव एका खांबावरचं काम संपवून सुटलेली तार बघायला बाजूच्या खांबावर गेला, पानांआड. नानांनी नावेत नजर टाकली, पिवळी हेल्मेट मोजली. बरोबर भरली. आमच्याकडे माणसं हेल्मेटावरून मोजायची सवय सगळ्यांनाच आहे. लांबून, पावसात, दुसरं दिसतं काय? काम चालू असताना सुरक्षेसाठी तार जमिनीला जोडून ठेवतात, ते अर्थिंगही काढून झालं होतं. नाव वळली तेव्हा कुणाचं तरी लक्ष त्या हेल्मेटाखालच्या दाढीकडे गेलं. सर्जेरावला दाढी नाही.

त्या तारेला सर्जेरावचे दोन्ही हात लागलेले होते. मी तीनदा बटण दाबलं होतं.

  मग पुन्हा टॅग लावला आणि हात मांडीखाली दाबून बसले... आईचा फोन वाजत होता, तो उचलला नाही. उचलून सांगणार काय? की अप्पांचा श्वास चालू ठेवण्यासाठी मी एका माणसाला जाळणार होते, आणि तरी लाईट आलीच नाही?

नानांनी ह्या वेळी सर्जेरावलाच फोनवर दिलं. "मी बोलतोय म्याडम. खाली हाय. नावंत." तो हसत होता, दात वाजत होते त्याचे. मी टॅग काढला. क्लिक केलं. 'चालू'.

पहिल्याच दाबाला चौकोन लाल झाला.

आईला फोन मी लगेच लावला. "लाईट आली," ती म्हणाली. "आत्ताच आली बग."  मग म्हणाली, "तुजं अप्पा गेलं गं सुजे. लाईट यायच्या वाईच आदी."

डॉक्टर सज्जन होते. वीज असती तरी वाचले असते, असं सांगता आलं नसतं, म्हणाले. मी ते वाक्य अजून घट्ट धरून आहे.

आईने नंतर एक सांगितलं. जनरेटर बंद पडायच्या जरा आधी अप्पांचा हात उशीखाली गेला होता. काहीतरी चाचपडत होते, मग हात शांत झाला. सामान आवरताना उशीखाली किल्ली नव्हती. आम्ही गादी उचलली, चादरी झटकल्या, नर्सने कचऱ्याचा डबासुद्धा पालथा केला. नाही मिळाली. अशा गडबडीत एखादी किल्ली हरवू शकते, हे मीच आईला समजावलं.

पाणी उतरल्यावर नानांनी सबस्टेशनाचं कुलूप उघडलं आणि मला फोन केला. "ताई, तुमी या. मी कशाला हात लावल्याला न्हाय." आजवर ते मला मॅडम म्हणत आले होते.

त्या ब्रेकरच्या हँडलला ती लटकत होती. तांब्याची कडी, पितळी बिल्ला, मुडपलेला कोपरा.

नाना दारातच उभे होते, हात मागे बांधून. "ज्याची त्यानं काडायची," ते हळू आवाजात म्हणाले. "पर आता तुमीच काडा."

आता मी जे जे तपासलं ते सांगते, म्हणजे कुणी मला अडाणी म्हणायला नको. हँडलला किल्ली अडकवल्याने कॉम्प्युटरची कमांड अडत नाही. ती खूण माणसासाठी असते, तारेला तिचं काही देणंघेणं नाही. शेवटी ब्रेकर लागला तेव्हाही ती तिथेच लटकत असणार. टेस्टिंगवाल्यांनी कॉइल, केबल, बॅटरी, सगळं उघडून पाहिलं. दोष नाही. माझ्या तिन्ही कमांड तिथपर्यंत पोहोचल्या होत्या, याची नोंद कॉम्प्युटरकडे आहे. सकाळी बाहेर पडलेला ऑपरेटर शपथेवर सांगतो की तेव्हा हँडल रिकामं होतं. आणि हॉस्पिटलातून कुणी निघालं असतं तरी त्या पाण्यातून तिथे पोहोचलं नसतं.

स्पष्टीकरण माझ्याकडे नाही. योगायोग म्हणून पाहिलं, डोक्यात बसत नाही. दुसरं काही म्हणायला गेले तर अप्पाच आठवतात. मीटर लावून दाखव, म्हणतील.

सर्जेराव बायकोला घेऊन येतो अधूनमधून. आईच्या हातचा चहा पितो, अप्पांच्या फोटोकडे बघायचं टाळतो. मला त्याचा राग येत नाही. राग येतो तो अप्पांचा. त्या दुपारी ती वीज त्यांच्या स्वतःच्या श्वासासाठी येत होती. आपली पोर घाईत बटण दाबणार, हे त्यांच्याइतकं दुसऱ्या कुणाला ठाऊक असणार?

किल्ली मीच काढली. सहज निघाली. ती हातात घेऊन मी त्या पॅनेलसमोर बराच वेळ उभी होते, कारण किल्ली निघाली की अप्पा घरी यायचे.