तिरकी घडी

माझी धाकटी बहीण माहितीपट काढते. ज्यांच्याकडे कुणी ढुंकून बघत नाही, त्यांच्याकडे ती कॅमेऱ्यातून बघते. दुसऱ्याचं पाहावं वाकून, आणि वर त्याचीच बक्षिसं. कचरा वेचणाऱ्या बायका झाल्या, गटारं उपसणारे झाले. मग बाईसाहेबांची नजर घरात वळली, मावशीवर.

आई गेल्यावर मावशीनंच आम्हाला वाढवलं, इस्पितळाच्या धुलाईघरात राबून. तिथल्या चादरींत वापरलेल्या सुया निघायच्या. हातमोजे मागितले की मुकादम थप्प्या तपासता तपासता, मान वर न करता म्हणायचा, "जमत नसेल तर घरी बस." मावशी हे सगळं कॅमेऱ्यापुढं बोलली, पण एका अटीवर. "मला कुणी ओळखता कामा नये. या वयात मला दुसरीकडं कोण उभं करणार?"

बहिणीनं तोंड धुरकट केलं, आवाज बदलला आणि फिल्म आधी मला दाखवली. तोंड धुरकट, पण हात पडदाभर, लख्ख. मावशी चादरीची घडी घालून सुटं टोक तिरकं आत खोचते, म्हणजे थप्पी घसरत नाही. आमचे शाळेचे कपडेही याच घडीत असायचे.

"हे हात काढून टाक," मी म्हणाले.

"ताई, फिल्मचा जीव आहे तो."

"अशी घडी तिथं दुसरं कुणी घालत नाही."

"घडी कोण बघतं गं?"

"तू बघितलीस ना?"

यावर तिनं फिल्म बंद केली. हात मात्र काढले नाहीत. मी तिच्याशी बोलणं टाकलं.

फिल्म दाखवली गेली, टाळ्या पडल्या. मुकादमानंही पाहिली. दुसऱ्या दिवशी त्यानं मावशीची थप्पी उचलून बाजूला ठेवली आणि मावशीला घरी पाठवलं. दुसऱ्या एका धुलाईघरात ती काम मागायला गेली, तिथं घडी घालून दाखवायला सांगितली. तिनं घातली, तर तिथली बाई म्हणाली, "फिल्ममधल्या तुम्हीच ना? नको बाई आम्हाला भानगड."

मग मात्र मी बहिणीला ओढतच मावशीकडं नेलं. म्हटलं, तिच्या तोंडाकडं बघून माफी माग.

दार उघडंच होतं. मावशी पलंगावर जुनी चादर घेऊन बसली होती. साधी, चारचौघींसारखी घडी घालू बघत होती. पण शेवटी टोक आपसूक तिरकं आत जायचं. ती चादर झटकायची, परत घालायची आणि स्वतःच्याच हातांना शिव्या द्यायची. "मेल्यांना वळणच लागत नाही."

बहिणीच्या डोळ्यांत पाणी आलं. खोटं नव्हतं ते, एवढं मी मानते. पण त्याच वेळी तिचा हात खांद्यावरच्या पिशवीत गेला, कॅमेऱ्याकडं. तिला कळलंही नसावं. एक सणसणीत कानाखाली वाजवावी असं मला वाटलं.

मावशीनं पाहिलं. चादर बाजूला सारली आणि दोन्ही हात पाठीमागं घेतले.

"काढ फिल्म," ती म्हणाली. "पण या वेळी तोंडच दाखव. तोंडावरून तिथं मला कुणीच ओळखत नव्हतं."