ढोलीमागचं पुस्तक

चंद्रपूरला आम्ही काही बायका महिन्यातून एकदा वाचनालयाच्या वरच्या खोलीत जमतो. बहुतेक शिक्षिका, काही निवृत्त झालेल्या. एका महिन्यात विषय ठरला, आई आणि मुलांवरची पुस्तकं. प्रत्येकीनं एक पुस्तक आणायचं आणि त्याबद्दल बोलायचं. मी त्या वेळी स्वतःच आईवर लिहीत होते. त्यातलं एक प्रकरण वाचून दाखवायचा मोह मला आवरला नाही.

आई तेव्हा माझ्याकडे होती. चामोर्शीजवळच्या आमच्या गावाहून ती उन्हाळ्यात येते आणि रोवण्याच्या, म्हणजे धानाच्या लावणीच्या आधी परत जाते. घरी एकटी कशी ठेवायची म्हणून तिला बरोबर नेलं, असं मी सगळ्यांना सांगितलं. ते अर्धंच खरं होतं. जिच्याबद्दल वाचतोय ती बाई समोरच बसलेली असली की ऐकणाऱ्यांचे डोळे लवकर भरतात, हे मला ठाऊक होतं.

मी वाचलेलं प्रकरण सातवीतलं होतं. शाळा नुकतीच सुरू झाली होती. एका सकाळी आई म्हणाली, आजपासून शाळा नाही, रोवण्याला माणूस कमी आहे. मी रडले, दप्तर छातीशी धरून उंबऱ्यात बसले, तिनं ते ओढून घेतलं. पुढचे बारा-तेरा दिवस मी गुडघाभर चिखलात वाकून धान रोवत होते आणि बांधावरून शाळेत जाणाऱ्या मुली बघत होते. शेवटी मी लिहिलं होतं, की अक्षराची किंमत अक्षर न शिकलेल्या बाईला कशी कळावी. आणि तरीही मी तिला क्षमा केली आहे.

टाळ्या वाजल्या. एकीनं चष्मा काढून डोळे पुसले. दुसरी आईकडे वळून हसत म्हणाली, "काऊन वो बाई, खरंच शाळेतून काढलं होतं का पोरीले?"

आईनं माझ्याकडे पाहिलं. मग म्हणाली, "हो, ठेवली होती घरी. रोवन्याले मानूस नोहता."

सगळ्या हसल्या. मीही हसले.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती स्वयंपाकघरात खाली बसून सुपात तांदूळ निवडत होती. मी चहा घेऊन शेजारी बसले आणि विचारलं, "आई, कसं वाटलं काल?" मला कौतुक ऐकायचं होतं.

"चांगलं लिव्हलं तू," ती म्हणाली. "फक्त त्या पुस्तकाचं नाई लिव्हलं."

"कोणत्या पुस्तकाचं?"

"ढोलीमागच्या."

ती खडे वेचत राहिली. माझे कान तापले. धान साठवायची बांबूची मोठी ढोली आमच्या मागच्या खोलीत होती. तिच्यामागे, भिंतीच्या फटीत, मी शाळेच्या कपाटातून चोरलेलं पुस्तक लपवलं होतं. रंगीत चित्रांचं, जाड पुठ्ठ्याचं. घरी नेऊन वाचायला ते कुणालाच मिळत नसे, म्हणून एका मधल्या सुट्टीत मी ते परकराच्या नेफ्यात खोचलं आणि वर दप्तर धरून घरी आणलं. चार दिवसांनी पाहिलं तर ते जागेवर नव्हतं. उंदरांनी ओढून नेलं असेल, अशी मी समजूत करून घेतली. आईवर संशय आलाच नाही. तिला वाचता येत नव्हतं, तिला काय कळणार पुस्तक कुणाचं!

"तुले कसं समजलं?" मी विचारलं. लहान असल्यासारखी मी तिच्याच बोलीत बोलले.

"शिक्का होता ना. गोल, जांभळा. तुया निकालाच्या कागदावर तसाच राह्यचा." तिनं सूप खाली ठेवलं. "पदराखाली झाकून मास्तरच्या घरी नेऊन देलं. मास्तर भला मानूस. मने, बाई, शाळेत बोंबाबोंब होऊन राह्यली, मोठे गुरुजी पोरायले उभं करून विचारून राह्यले. तुमची पोरगी घाबरून बोलून टाकन. दोन हप्ते धाडू नका, मी पुस्तक गुपचूप कपाटात ठेवतो. मग लोकायले काय सांगू? रोवना होता, रोवन्याचं सांगितलं."

"पण मला का नाही सांगितलंस?"

"तुले सांगतलं असतं तं तू मायासमोर मान वर केली असती का मंग?"

मला आठवलं ते चिखलातलं तिचं पाठमोरं वाकणं. मी मुद्दाम तिच्यापासून लांब, दुसऱ्या टोकाला रोवायची. एकदा बांधावर भाकर खायला बसलो तेव्हा तिनं आपल्या वाटचा वाळलेल्या मासोळीचा तुकडा माझ्याकडे सरकवला. मी तो तिच्यासमोर चिखलात फेकला होता. प्रकरणात हे मी घातलं होतं, स्वाभिमानी मुलीची गोष्ट म्हणून.

आणि चोरी? ती मी विसरले नव्हते. लिहिताना ती दोनदा आठवली होती. हिचा त्या रोवण्याशी काही संबंध नाही, असं मनाशी म्हणून मी ती दोन्ही वेळा बाजूला ठेवली होती.

"मी ते प्रकरण बदलते," मी म्हटलं. "खरं काय ते लिहिते."

"काई गरज नाई," आई लगेच म्हणाली. "तू मास्तरीन आहेस. शाळेतल्या पोरी वाचतीन. तसंच राहू दे. माया काय जाते?"

मी एकदाच पुन्हा म्हटलं, "अगं पण." तिनं हात झटकला आणि मी गप्प झाले. आईची आज्ञा म्हणून गप्प झाले, असं मी कितीतरी दिवस स्वतःला सांगत होते. खरं म्हणजे तिनं नाही म्हटल्याबरोबर माझा जीव भांड्यात पडला होता. प्रकाशकाकडून कच्ची प्रत तपासायला आली. ते पान माझ्यासमोर आठ दिवस पडून होतं. मी त्यातल्या वेलांट्या दुरुस्त केल्या आणि प्रत परत पाठवली.

पुस्तक बरं गेलं. चामोर्शीच्या एका शाळेनं मला बोलावलं. तिथं आठवी-नववीतली एक मुलगी उठून उभी राहिली. तिनं पुस्तक नीट वाचलं होतं.

"मॅडम," ती म्हणाली, "तुमच्या आईचा मले लई राग आला. शिकनाऱ्या पोरीले कोनी असं करते का?"

हेडमास्तर हसले. मुली माझ्याकडे बघत होत्या. बोलायला इतकी सोपी जागा मला पुन्हा मिळणार नव्हती. मी पाण्याचा घोट घेतला आणि म्हणाले, "त्या काळी परिस्थितीच तशी होती, बाळ. आपण समजून घ्यायला हवं."

मुलीनं मान डोलावली आणि वहीत लिहून घेतलं.

तिथून गाव जवळच. आईला भेटायला गेले. ती अंगणात तूर वाळवत होती. मला पाहून उठली, पाय धुवायला पाणी दिलं, शाळेनं दिलेली शाल हातात घेऊन चाचपली.

"काय विचारलं पोरीईनं?" तिनं विचारलं.

"काही नाही. चांगला झाला कार्यक्रम."

"मायाबद्दल काई?"

"हो. आवडली म्हणाल्या तू सगळ्यांना."

ती लाजली. शालीची घडी करून तिनं ती खाटेवर ठेवली आणि चहा ठेवायला आत गेली. मी बाहेरच बसून राहिले.

त्या दिवसाला दीड वर्ष झालं. त्या मुलीला पत्र लिहावं असं अनेकदा वाटलं, पण मी तिचं नावही विचारलं नव्हतं. पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघणार आहे आणि या वेळी मी ते प्रकरण काढून ही हकिगत पाठवली आहे. आईला अजून सांगितलेलं नाही. ती नको म्हणेल, आणि तिनं नको म्हटलं की मी काय करते, ते मला आता माहीत आहे.