म्हशी की माणसं

पाणी तपासायला धाराशिवहून येणारा तो माणूस गावात कुणाकडंच पाणी पीत नाही. स्वतःची बाटली आणतो. मला तो शिष्ट वाटायचा.

गावच्या विहिरीत गोठ्याची घाण उतरते म्हणून सरपंचांनी शेजारच्या काकूंना म्हशी विकायला सांगितलं होतं. त्यानं पाणी गाळून नेलं, त्यातल्या जंतूंची जनुकं माणसाच्या पोटातली की जनावराच्या, हे प्रयोगशाळेतून तपासून आणलं आणि सरपंचांच्या आधी काकूंच्या गोठ्यात गेला.

“काकू, म्हशी विकू नका. घाण जनावरांची न्हाय, माणसांची हाय.”

मागोमाग सरपंच आले. “कुणाच्या घरची?”

“ते न्हाय कळत. विहिरीजवळ संडासाचे खड्डे कुणाचे, ते तुम्हाला ठाऊक.”

काकूंनी सवयीनं तांब्या पुढं केला. त्यानं आपली बाटली काढली.

तांब्या मागं घेत काकू म्हणाल्या, “मग मलाबी दे की घोटभर.”