नवमीच्या पानावरची वाइन

नाशिकची वाइन मुंबईला पाजली ती मी. म्हणजे टेम्पो शेठचा, वाइन मालकाची, आणि मी आपला ती काशीमीऱ्याच्या गोडाऊनला आणून टाकायचो, जिथून मुंबई अजून लांबच असते. पण वाटेत हॉर्न वाजवायचो तो मीच.

शाळेत चौथीपर्यंत गेलो, ते पण मास्तर घरी बोलवायला यायचे म्हणून. पेणकरपाड्यात आमची भातशेती होती. शेत गेलं, बिल्डिंग आली, तिच्यात मला तिसऱ्या मजल्यावर एक रूम मिळाली. बाप जिथे नांगर धरायचा तिथे आता लिफ्ट बंद पडते. मला शेती येत नव्हती, बिल्डिंग बांधता येत नव्हती, म्हणून ड्रायव्हर झालो.

तेव्हा दिंडोरीकडून खायची द्राक्षं भरायचो. तिथे एक बागवाला होता, त्याला सगळे मालक म्हणायचे. एका वर्षी गेलो तर मालकाने चांगली बाग उपटून टाकलेली. नवीन वेली लावल्या, त्यांना द्राक्षं आली ती वाटाण्याएवढी, जाड सालीची, आत नुसत्या बिया. मी एक तोंडात टाकलं आणि म्हटलं, "मालक, हे शेळीपण खाणार नाही."

मालक म्हणाला, "शेळीसाठी नाही लावली. वाइनची आहेत."

मी आठवडाभर हसलो. काशीमीऱ्याच्या चहावाल्याला सांगितलं, पंक्चरवाल्याला सांगितलं, एक माणूस नाशिकला येडा झालाय. पुढल्या फेरीला त्याच्या शेडमध्ये दुधाच्या टँकरसारख्या स्टीलच्या टाक्या उभ्या. मग लाकडी पिंपं आली. मग शेजारच्या बागवाल्यांनीपण त्याचं बघून तीच बारकी द्राक्षं लावली आणि त्याला विकायला लागले. सुरुवातीला वाइनचे खोके एवढे थोडे असायचे, की टेम्पो भरायला वर कांद्याच्या गोण्या टाकायला लागायच्या. गोडाऊनचा मॅनेजर खोका हुंगून विचारायचा, "ये वाइन है के भाजी?" नंतर कांद्याला जागाच उरली नाही. सगळा टेम्पो वाइनचा. येडा मालक नव्हता, हे मला समजलं, पण तोपर्यंत मी सगळ्या हायवेला सांगून बसलो होतो.

उन्हाळ्यात मालक बोलला, वाइनला गरमी चालत नाही, सांभाळून ने. आता माझ्या टेम्पोला वर ताडपत्री. कसारा उतरलो की आत भाकरी भाजेल. मी डोकं लावलं. मच्छीवाले बर्फावर ओली गोणपाटं टाकतात, तशी मी खोक्यांवर टाकली, आणि वाटेत जिथे नळ दिसेल तिथे उतरून पाणी मारलं. एकदम थंडगार माल आणला. गोडाऊनला खोका उचलला तर खोक्याची खीर झालेली, बाटल्या खाली. फुटल्या नाहीत, पण सगळी लेबलं सुटून माझ्या पायाला चिकटलेली. बाटल्या नागड्या. कुठली कुठली, कोणाला सांगता येईना.

मॅनेजरने सगळा माल परत पाठवला. माझ्याच टेम्पोतून. दिंडोरीपर्यंत मी वाक्य जुळवत होतो, काय बोलायचं. मालकाने बघितलं आणि खाली बसून हसला. मग त्यातलीच एक नागडी बाटली माझ्या हातात दिली. "घे. घरी जा, बायकोबरोबर बसून पी. म्हणजे तुला कळेल काय भिजवलंस ते."

तोपर्यंत माझा शनिवार म्हणजे हायवेवरचा बार. टेम्पो लावायचा, बारमध्ये शिरायचं, सगळ्यांना जोक सांगायचे, आणि बायको जेवण झाकून झोपली की घरी जायचं. पण त्या दिवशी मालकाचा शब्द म्हणून बाटली घरी नेली. बूच निघेना. स्क्रूड्रायव्हरने आत ढकललं, अर्धी वाइन माझ्या शर्टावर. उरलेली स्टीलच्या दोन पेल्यांत ओतली. बायकोने वास घेतला, एक घोट घेतला, पदराने ओठ पुसले.

मी विचारलं, "कशी आहे?"

"बरी हाय."

बस. मला तेवढंच पाहिजे होतं. तिथून आमचा शनिवार सुरू झाला. मालकाच्या इथे ड्रायव्हर लोकांना बाटली कमीत मिळायची, ती मी आणायचो. संध्याकाळी दोघं बसायचो. मी बडबडायचो, ती हसायची. तिला हसायची एवढी घाई असायची की जोक अर्ध्यावर असतानाच हसायची. मधेच पेला घेऊन गॅलरीत जायची, तिथे कुंडीत तिचा मोगरा होता. मी आतून ओरडायचो, "काय गं, सगळी संपवली?" ती रिकामा पेला दाखवायची. मी खूश. गोडाऊनला सांगायचो, तुमच्या मोठ्या मोठ्या मॅडम लोकांना कळत नाही, आमच्या घरात बघा, पेणकरपाड्याची बाई शनिवारी रेड वाइन घेते.

तो मोगरा पुढे वाळला. मी म्हटलं, मेट्रोच्या कामाची धूळ. ती म्हणाली, असंल.

एकदा तिला केबिनमध्ये बसवून दिंडोरीला नेली. तोपर्यंत शेडच्या जागी काचेचा हॉल झालेला. बाहेर गाड्यांची लाइन, पोरीपोरांचे फोटो, राहायला खोल्या, पोहायला तलाव. आम्हाला काउंटरवर उभं केलं. काळा एप्रन घातलेल्या मुलीने ग्लासात दोन बोटं ओतली. "सर, आधी वास घ्या. काय आठवतंय?"

बाजूचे लोक बोलत होते, पेरू, मिरी, काय काय. मी नाक घातलं आणि जोरात म्हटलं, "डिझेल!" मुलगी घाबरली, तिने ग्लास बदलला. दुसऱ्यालापण डिझेल. मग माझ्या लक्षात आलं, वास माझ्या हाताला होता, येताना टाकी भरली होती.

बायकोने घोट घेतला, तोंड मिटून मान हलवली, आणि द्राक्षांच्या ओळींच्या टोकाला गुलाब लावतात ते बघायला बाहेर गेली. मी त्या मुलीला म्हटलं, "बघा, किती वेळ तोंडात धरून ठेवली. हिला कळतं."

मग धंदा आणखी वाढला आणि मालकाच्या कंपनीने एसीच्या गाड्या घेतल्या. बरोबर होतं त्यांचं. माझ्या टेम्पोत वाइन शिजायची. मला शाल दिली, नारळ दिला, फोटो काढला. फोटोत मी डोळे मिटलेत.

त्यानंतर बायकोचं पोट दुखायला लागलं. हॉस्पिटल झालं, आणि ती गेली. मुलंबाळं आम्हाला नव्हतीच. आता घरात मी आणि फ्रिज, त्यातला फ्रिज जास्त बोलतो. जोक सांगायला समोर माणूस लागतं. एकदा भिंतीला सांगून बघितला, तर पलीकडून शेजारणीने भिंत ठोकली. आणि खरी गोष्ट अशी, की माझे जोक मला शेवटपर्यंत येतच नाहीत. ती मधेच हसायची, तेव्हा शेवट कधी लागलाच नाही.

यंदा पितृपक्ष आला. नवऱ्याआधी गेलेल्या बाईचं पान नवमीला ठेवतात. खारी गावाहून माझ्या मोठ्या बहिणीचा फोन आला. तिचे गुडघे गेलेत, जिना चढवत नाही. म्हणाली, "तूच ठेव. तिला काय आवडाचा ता ठेव पानावर. कावला शिवला म्हंजे ती खूश हाय. न्हाय शिवला तं समज, तुझ्यावर रागावलीय."

हे मात्र मला लागलं. रागावली असेल तर काय करायचं? विचारायचं कोणाला?

सकाळी लवकर उठलो. भात केला, डाळ केली. खीर केली ती खाली लागली. वडे लागतात म्हणून कोपऱ्यावरच्या वडापाववाल्याकडे गेलो. पितरांचे वडे वेगळे असतात हे मला माहीत होतं, पण जमणार ते कोणाला? दोन बटाटेवडे घेतले. तो विचारतो, "काका, पाव?" म्हटलं, पाव नको, पितरांना आहे. तर म्हणतो, "फिर चटणी सुखी दूँ?"

आणि आवडीची वस्तू म्हणजे वाइन. ते मला विचार करायलाच लागलं नाही. आता मीरा रोडला दुकानात वाइनची अख्खी भिंत असते. मालकाची बाटली शोधली आणि दुकानवाल्याला म्हटलं, "ये पहले मेरे टेम्पो में आता था."

तो म्हणाला, "अच्छा अंकल. थैली दूँ?"

गच्चीवर टाकीच्या सावलीत पान मांडलं. बाजूला तिचा स्टीलचा पेला, काठोकाठ. मागे सरून उभा राहिलो. कावळे आमच्याकडे पाहिजे तेवढे. चार आले, बटाटेवडे फोडून घेऊन गेले, पानावर मिरचीचा तुकडा ठेवून. भात विस्कटला. करपलेली खीरपण खाल्ली. पेल्याला कोण हात लावीना. म्हणजे चोच. मी हात जोडले. म्हटलं, घे ना गं, शनिवारी बारमध्ये जात नाही मी, अजूनपण घरीच बसतो. एक मोठा कावळा आला, पेल्यात चोच बुडवली, मान झटकली, आणि डिशच्या अँटेनाला चोच पुसत बसला.

मला रडू आलं. उन्हात उभा राहून, एवढा मोठा माणूस, कावळ्यासमोर.

तेवढ्यात शेजारीण वाळलेले कपडे काढायला वर आल्या. परभणीकडच्या, बायकोची जवळची मैत्रीण. त्यांचं बौद्ध घर, पितर-कावळे मानत नाहीत. त्यांनी पानाकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"काय करायलात भाऊ?"

"तुमच्या वहिनी रागावल्यात. आवडीची वाइन ठेवली, तरी शिवत नाहीत."

त्यांनी चादर खांद्यावर टाकली. "कोणाच्या आवडीची?"

"तिच्या. दर शनिवारी घ्यायची, पेलाभर. तुम्हाला माहीत नाही."

"मला माहीत नाही?" त्या हसायलाच लागल्या. "गॅलरीला गॅलरी लागून हाय आपली. कुंडीत कोण ओतत होतं, मी बघत नव्हते का? मोगरा कशानं जळाला मग?"

मी म्हटलं, "धूळ..."

"कशाची धूळ! मी इचारलं वहिनींना, आवडत नाही तर घेता कशाला? तर म्हणल्या, ते प्यायला म्हणून घरी बसायलेत, तर मी फिनेलबी घोटभर घेईन."

कावळा अँटेनावर बसलेला. मी पेला उचलला, ओतायला कुंडी शोधली, कुठे दिसली नाही, तसाच हातात धरून उभा राहिलो.

"मग तिला आवडायचं तरी काय?"

शेजारणीने दोरीवरचा शेवटचा चिमटा काढला.

"चहा. तुम्हाला सोडून अख्ख्या मजल्याला माहीत हाय."