लेथवरची सुलेखा-सान

हिगाशी-ओसाकात राहायला आल्यावर पहिल्याच आठवड्यात सुलेखा मगदूमला वाटलं, ह्या गल्ल्या आपण कुठंतरी पाहिल्यात. घरं अरुंद, पाट्या जपानी, माणसं कमरेत वाकून नमस्कार करणारी. ओळखीचं असं काहीच नव्हतं. पण अर्धवट वर केलेल्या शटरांमागून जो आवाज यायचा, तो थेट कोल्हापूरच्या उद्यमनगरातला होता. फिरत्या लोखंडाला टूल टेकलं की निघणारी ती बारीक किंकाळी, आणि मागोमाग तापलेल्या तेलाचा वास.

साल होतं १९९२. तिचे यजमान जयप्रकाश पुण्याच्या एका कंपनीच्या ओसाका ऑफिसात होते. जपानी यंत्रं पारखायची आणि भारतात पाठवायची, हे त्यांचं काम. भाडं परवडावं म्हणून त्यांनी शहराला पूर्वेकडून चिकटलेल्या ह्या कारखान्यांच्या वस्तीत घर घेतलं होतं. मुलगी दीप्ती सात वर्षांची. सहा महिन्यांत ती शाळेतून आली की जपानीतच बडबडायला लागली, आणि सुलेखानं मराठीत विचारलं तरी उत्तर जपानीतच यायचं.

सुलेखाचे वडील उद्यमनगरात ऑइल इंजिनचे सुटे भाग बनवत. तिनं मेकॅनिकलचा डिप्लोमा केला होता, वर्गात एकटी मुलगी. नंतर चिंचवडच्या एका कारखान्यात तीन वर्षं तयार माल मोजून तपासण्याचं काम. मग लग्न, दीप्तीचा जन्म, सासूबाईंचं दुखणं. नोकरी सुटली ती सुटलीच.

घरामागच्या गल्लीत मोरिशितांचं वर्कशॉप होतं. एके दिवशी त्याच्या दारावर कागद चिकटवलेला दिसला: पॅकिंगसाठी बाई हवी, सकाळी नऊ ते एक. अशा अर्धवेळ कामाला आणि कामकरणीलाही तिथं ‘पाटो’ म्हणतात. सुलेखानं इमिग्रेशन ऑफिसातून काम करण्याची परवानगी काढली आणि ती पाटो झाली.

जयप्रकाश हसले. “अगं, कोल्हापूरहून निघून इथवर येऊन पुन्हा नटबोल्टच?”

“नटबोल्टच,” ती म्हणाली. “तिथं बाबांनी मला ड्रॉइंग शिकवलं आणि लेथवर मात्र भावाला उभं केलं. आता बघते, इथं कोण अडवतंय.”

अडवणारे होते. वर्कशॉपमध्ये माणसं मोजकीच. पन्नाशीचे मालक मोरिशिता-सान (नावामागचं ‘सान’ म्हणजे आपलं ‘राव’ किंवा ‘बाई’), एक जण कापकामाला, आणि ओकुदा-सान. ओकुदा-सान एकसष्ट वर्षांचे, पस्तीस वर्षं त्याच लेथवर, म्हणजे लोखंड फिरवत कातायच्या यंत्रावर. मोरिशितांच्या वडिलांनी युद्धानंतर पत्र्याच्या शेडमध्ये एक यंत्र टाकून सायकलींचे खिळे-स्क्रू सुरू केले होते. मग शिलाई मशिनी आल्या, मग पंखे, मग धुलाई यंत्रं. प्रत्येक नव्या मालाबरोबर शेड थोडी पुढं सरकली. सगळी गल्लीच अशी वाढली होती. एकाच्या शेडमध्ये तार ओढली जायची, दुसऱ्याकडं तिचा बोल्ट व्हायचा, तिसऱ्याकडं त्यावर मुलामा चढायचा. सायकलवर पेट्या लादून माल एका दारातून दुसऱ्या दारात जायचा.

सुलेखाचं काम बोल्ट पेटीत भरण्याचं. तिसऱ्या महिन्यात तिनं सहज एक नवा कोरा नट उचलून बोल्टवर चढवून पाहिला. दोन आटे गेले आणि नट अडला. दुसरा घेतला, तोही अडला. पण तपासणीच्या गेजमधून, म्हणजे माप पाहायच्या कड्यातून, तेच बोल्ट सुळकन जात होते.

तिनं मोडक्यातोडक्या जपानीत मालकांना सांगितलं, “बोल्ट जाड आहेत. गेज झिजलंय, म्हणून कळत नाही.”

गेज ओकुदा-सानांच्या ताब्यातलं. त्यांचा चेहरा लाल झाला. “पेट्या भरणारी बाई मला गेज शिकवणार?”

मोरिशिता-सानांनी तरीही ते गेज सरकारी तपासणी केंद्रात पाठवलं. तीन दिवसांनी निकाल आला: झिजलेलं आहे, वापरू नये. गिऱ्हाइकाकडं निघालेला माल वाटेतून परत मागवावा लागला. ओकुदा-सान आठवडाभर तिच्याशी बोलले नाहीत. आठव्या दिवशी त्यांनी वर्कशॉपमधली सगळी गेजं एका ट्रेमध्ये घालून तिच्या पुढ्यात ठेवली.

“हीसुद्धा बघ,” एवढंच म्हणाले.

त्याच दिवशी तिनं विचारलं, “ओकुदा-सान, मला लेथ शिकवाल?”

“आकान!” ओसाकाकडच्या बोलीतलं ते ठसठशीत ‘जमायचं नाही’. “बायका यंत्रावर उभ्या राहत नाहीत.”

सुलेखानं वाद घातला नाही. पण एक वाजता सुटी झाली तरी ती अर्धा तास थांबायची. ओकुदा-सानांच्या लेथखालचा लोखंडाचा कीस झाडायची आणि झाडता झाडता त्यांचे हात बघायची. कुठल्या धातूला वेग किती, कुठल्या आवाजाला ते हात आखडता घेतात, हे घरी येऊन वहीत मराठीत लिहून ठेवायची. चार महिने हे चाललं. एका दुपारी ओकुदा-सानांनी तिच्या हातातला झाडू काढून घेतला आणि लेथचं टूल करायचा पोलादाचा एक चौकोनी तुकडा दिला.

“धार लाव.”

तिनं सहाणेवर धार लावली. त्यांनी ती अंगठ्यानं पाहिली आणि तुकडा भंगारात टाकला. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. असे अकरा तुकडे भंगारात गेले. बारावा त्यांनी लेथवर बसवला आणि ते बाजूला सरकले. त्या दिवशी सुलेखानं आयुष्यात पहिल्यांदा लेथ चालवला. घरी आली तेव्हा तिच्या भुवईत लोखंडाचा कीस अडकला होता, आणि दीप्तीनं तो चिमट्यानं काढला.

दोन वर्षं गेली. पॅकिंग झाल्यावर ती साधी कामं लेथवर करू लागली होती. ओकुदा-सान अजूनही तिचा प्रत्येक नग नखानं चाचपून बघत, पण भंगारात कमी जाई.

मग १९९५ आलं. जानेवारीतल्या भूकंपानं जवळचं कोबे शहर उद्ध्वस्त झालं. इथं फळीवरची अवजारं खाली आली, भिंतीला तडे गेले, माणसं वाचली. वर्कशॉपला खरा धक्का बसला तो पानगळीच्या दिवसांत. ज्या मोठ्या कंपनीला त्यांचे बहुतेक बोल्ट जात, तिनं कळवलं, की धुलाई यंत्रांचा कारखाना मलेशियाला हलणार. येनचा भाव वाढल्यापासून गल्लीतली शटरं एकेक करून खाली येतच होती. मोरिशिता-सानांनी सगळ्यांना उभं करून मान खाली घालून सांगितलं, “मार्चअखेर आपणही बंद करू. क्षमा करा.”

त्या आठवड्यात सुलेखाला झोप कमी आणि राग जास्त होता. आता कुठं हात बसत होता! सोमवारी ती मालकांपुढं जाऊन उभी राहिली.

“मोरिशिता-सान, ह्या शहरात जुनी यंत्रं किती असतील? ज्यांच्या कंपन्या बुडाल्या, ज्यांचे भाग मिळत नाहीत, अशी? मी तुटलेला भाग मोजून त्याचं ड्रॉइंग काढू शकते. आपण एकेक नग करून देऊ.”

“एकेक?” मोरिशिता-सान थकल्यासारखे हसले. “आम्ही दहा हजार करणारी माणसं.”

“दहा हजार आता मलेशियात होतील. एक कोण करणार?”

मालकांनी भिंतीवरच्या कॅलेंडरकडं पाहिलं. मग म्हणाले, “मार्चपर्यंत करून बघ.”

सुलेखा रोज दुपारी सायकल काढायची. छापखाने, बेकऱ्या, लॉन्ड्र्या, मोज्यांचे कारखाने. दार उघडलं की वाकून नमस्कार, कार्ड, आणि पाठ केलेली चार वाक्यं. कुणी नम्रपणे दार लावायचं. एका लॉन्ड्रीवाल्यानं तिला तोंडावर विचारलं, की जपानी यंत्र परदेशी बाईला काय कळणार. ती पुढच्या दाराशी गेली. डिसेंबर गेला, जानेवारी गेला, एकही काम नाही.

फेब्रुवारीत कोपऱ्यावरचा तोफूवाला, म्हणजे सोयाबीनचं पनीर विकणारा म्हातारा, धावत आला. सोयाबीन दळायच्या यंत्राचा दांडा तुटला होता; बनवणारी कंपनी कधीच बंद पडलेली. दोन दिवस दुकानात तोफू नव्हता. आणि नेमके त्याच आठवड्यात ओकुदा-सान डोळ्याच्या ऑपरेशनसाठी दवाखान्यात.

“त्यांना येऊ दे,” मोरिशिता-सान म्हणाले.

“तोवर ह्यांचं दुकान बसेल,” सुलेखा म्हणाली. “मी करते.”

दांडा सगळीकडून झिजला होता. मूळ माप काढायचं कशावरून? ती बराच वेळ तो हातात फिरवत बसली. मग लक्षात आलं, की जिथं पुली घट्ट बसलेली होती तेवढाच पट्टा कोरा राहिलाय. तिथं मायक्रोमीटर लावून तिनं माप घेतलं, ड्रॉइंग काढलं आणि लेथ सुरू केला. शेवटच्या कापाला मिलिमीटरचे दोन शतांश जास्त गेले. कुणी पाहिलं नव्हतं. कदाचित चाललंही असतं. तिनं तो दांडा स्वतःच्या हातानं भंगारात टाकला, टूलला पुन्हा धार लावली आणि नव्यानं सुरुवात केली. दुपारी चार वाजता दुसरा दांडा तयार झाला. तोफूवाल्याच्या दुकानात तो बसवला, बटण दाबलं, आणि दगड फिरला. म्हातारा यंत्राला आणि तिला आळीपाळीनं वाकून नमस्कार करत राहिला.

ओकुदा-सान परतले ते एका डोळ्यावर पट्टी बांधून. आल्या आल्या त्यांनी भंगाराच्या पेटीतून तो वाया गेलेला दांडा काढून नखानं चाचपला.

“शेवटी घाई केलीस.”

“हो.”

“दुसऱ्या वेळी?”

“नाही केली.”

ते समाधानानं मान हलवून आपल्या स्टुलावर बसले.

तोफूवाल्यानं बेकरीवाल्याला सांगितलं, बेकरीवाल्यानं आणखी कुणाला. मार्च संपला आणि शटर खाली आलं नाही. पुढच्या वर्षी शेजारच्या नारा शहरातून मोजे विणणाऱ्या यंत्रांचे भाग आले, मग क्योतोच्या विद्यापीठातल्या एका प्रयोगशाळेचं काम. बंद पडलेल्या शेजारच्या वर्कशॉपमधले लेथ चालवणारे दोन टर्नर मोरिशिता-सानांनी घेतले, मग त्यांची रिकामी शेडही घेतली. १९९८ पर्यंत माणसं नऊ झाली. सुलेखाचं टेबल पॅकिंगमधून उठून खिडकीपाशी आलं, आणि गल्लीत सगळे तिला सुलेखा-सान म्हणून ओळखू लागले.

त्याच वर्षी जयप्रकाशांची पुण्याला बदली झाली. त्यांनी जेवताना सांगितलं. दीप्ती आईकडं बघत राहिली. सुलेखानं ताट पुढं सरकवलं.

“तुम्ही काय ठरवलंत?”

“प्रत्येक वेळी माझ्या बदलीबरोबर तू सामान बांधलंस,” जयप्रकाश म्हणाले. “ह्या वेळी मी राजीनामा देतो. इथं एका आयात करणाऱ्या कंपनीनं विचारलंय. हुद्दा लहान आहे.”

“अहो, पण नंतर मनाला लागेल तुमच्या.”

“लागेल थोडं. तू लेथ सोडलास तर जास्त लागेल.”

दीप्ती जपानीत काहीतरी ओरडली आणि बापाच्या गळ्यात पडली.

पुढच्या वसंतात गल्लीतल्या कारखानदारांच्या संघानं सुलेखाला बोलावलं. उरलेल्यांनाही एकेक नगाची कामं घ्यायची होती. झिजलेल्या भागावरून मूळ माप कसं काढायचं ते शिकवाल का? शनिवारी सकाळी वस्तीच्या सभागृहात घडीच्या खुर्च्यांवर सतरा मालक बसले होते, बहुतेक तिच्याहून वयानं मोठे, दोघे तर सत्तरीचे. मागच्या रांगेत ओकुदा-सान, हाताची घडी घालून. सुलेखानं टेबलावर तुटके दांडे, चक्रं आणि मायक्रोमीटर मांडले. तिनं पाण्याचा घोट घेतला, वाकून नमस्कार केला आणि पाठ न केलेल्या जपानीत पहिलं वाक्य उच्चारलं:

“आधी सगळ्यांनी हात धुऊन या. तेलकट बोटांनी माप चुकतं.”

सतरा खुर्च्या सरकल्या.