पाचवा प्रयत्न

माझा भाऊ डेल्मर कुचेरा धान्याच्या कोठारावर वजनकाटा सांभाळायचा. मक्याचे ट्रक यायचे, डेल्मर आकडा सांगायचा, शेतकरी खिडकीतूनच हात हलवून पुढे जायचे. काट्याकडे मान वळवून बघायची कुणाला गरजच वाटायची नाही. बायको गेल्यापासून तो माझ्याकडेच जेवायचा, आणि जेवताना विषय एकच, आमच्या वेल्बी कॉलेजची फुटबॉल टीम.

दर शनिवारी मैदानाच्या कडेला आकड्याची काठी धरून उभं राहायचा मान त्याचा. आमच्याकडच्या फुटबॉलमध्ये चेंडू हातात धरून पळतात, आणि तो दहा यार्ड पुढे न्यायला टीमला चार प्रयत्न मिळतात. प्रत्येक प्रयत्न झाला की काठीवरचा आकडा बदलायचा, बस्स. पगार नाही, एक हॉट डॉग फुकट. पण हा सकाळपासून इस्त्रीचा शर्ट घालून तयार.

"अरे, तुला काय खेळायला उतरवणार आहेत का?" मी म्हणायचे.

"इर्मा, माझा आकडा चुकला तर खेळ चुकतो," तो इतक्या गंभीरपणे म्हणायचा की मला हसूच यायचं.

त्या वर्षी आमच्या पोरांनी गावाला तोंड दाखवायला जागा ठेवली नव्हती. सप्टेंबरपासून एक सामना जिंकतील तर शपथ. न्हाव्याच्या दुकानात लोक म्हणायचे, "यांना घरी बसवा आणि बँडच्या पोरींना उतरवा." शेवटचा सामना आमच्याच मैदानावर, ओर्टन कॉलेजशी. ओर्टनची पोरं वर्षभर एकदाही हरली नव्हती. हा सामना जिंकला की बाद फेरीत जाणार होती.

आणि आमचे दिवटे नेमके त्याच दिवशी असे काही पेटले, काही विचारू नका! अगदी शेवटी आम्ही थोडक्यात मागे, आणि चेंडू ओर्टनच्या गोलरेघेच्या तोंडाशी. पहिला प्रयत्न फसला. दुसराही फसला, आणि त्या ढिगाऱ्यातून ओर्टनचा एक पोरगा उठेचना, अगदी डेल्मरच्या पुढ्यात. असं झालं की आमच्याकडे सगळे एक गुडघा टेकतात, टोप्या काढतात, कुणी चकार शब्द काढत नाही. डेल्मरनेही काठी गवतावर आडवी ठेवली, टोपी काढली, गुडघा टेकला. पोराला दोघांनी धरून उठवलं, दोन्ही बाजूंनी टाळ्या पडल्या, डेल्मरनं काठी उचलली. आकडा दोनच! तीन करायचा राहून गेला होता. पंचानं काठीकडे बघितलं आणि तेच खरं धरलं. ओर्टनचा कोच घसा फोडून ओरडत होता, पण बँडच्या गोंगाटात त्याचं कोण ऐकतंय? आमच्या पोरांना चाराऐवजी पाच प्रयत्न मिळाले आणि पाचव्यात त्यांनी रेघ गाठून सामना जिंकला.

चूक कळली तेव्हा पंच मैदान सोडून गेले होते, आणि ते गेले की निकाल बदलत नाही. ओर्टनचं वर्ष पाण्यात गेलं. आमच्या लोकांनी मात्र गोलाचे खांब उपटले आणि खांद्यावर घेऊन चौकापर्यंत नाचत नेले.

डेल्मर माझ्या स्वयंपाकघरात डोकं धरून बसला होता. "मी चुकलो गं," एवढंच म्हणत होता. मी म्हटलं, चुकतो माणूस, विसरतील लोक. कसले विसरताहेत मेले! चूक झाली यावर कुणाचा विश्वासच नव्हता. सगळ्यांना वाटलं, पठ्ठ्यानं मुद्दाम केलं. दारूच्या गुत्त्यात त्याच्यापुढे फुकट बिअर यायला लागली. "पाचवीसुद्धा घे रे, कोण मोजतंय!" चर्चमध्ये पाद्रीबाबांनी हात दाबून डोळा मारला. डोळा! चर्चमध्ये!

"अहो, मी विसरलो, खरंच," डेल्मर सांगायचा.

"हो हो, विसरलास! असाच विसरत जा राजा!" आणि पाठीवर थाप.

जितकं सांगावं तितके लोक जास्त हसायचे. शेवटी त्यानं सांगायचंच सोडलं. बाहेर पडताना टोपी डोळ्यांवर ओढायला लागला. मला इतकी चीड यायची की वाटायचं एकेकाला लाटण्यानं सडकावं.

मग कोठारावर ते झालं. आमच्याच शेजारचा म्हातारा हॉलूब मका घेऊन आला. डेल्मरनं आकडा सांगितला. हॉलूब ट्रकमधून उतरला, काट्यापाशी आला आणि वाकून स्वतः बघितलं. "वाईट वाटून घेऊ नकोस हं," म्हणाला, "हल्ली तुझं आकड्यांचं काही सांगता येत नाही." आणि हसला. त्या दिवशी डेल्मर जेवला नाही. मक्याची पेज तशीच गार झाली.

"मी ओर्टनला जातो," तो म्हणाला. "त्यांच्या कोचला तोंडावर सांगतो. निदान त्यांना तरी कळू दे."

रिकाम्या हातानं कसं जायचं, म्हणून मीच आलुबुखाराचा गर भरून कोलाची, म्हणजे आमचे गोड पाव, भाजले आणि डबा घेऊन गाडीत बसले. ओर्टनचे कोच स्ट्रॉम म्हणजे दारात मावणार नाही असा माणूस. डेल्मर खुर्चीत टेकलाही नाही. टोपी चुरगाळत उभ्यानंच म्हणाला, "माझ्यामुळे तुमच्या पोरांचं वर्ष गेलं. मला झोप लागत नाही, साहेब. माफ करा मला."

कोचनी त्याला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. मग म्हणाले, "माझी पोरं म्हणत होती, त्या माणसानं मुद्दाम केलं. मी त्यांना झापलं. म्हटलं, तो आपल्या पोरासाठी गुडघा टेकून बसला होता, मी डोळ्यांनी बघितलंय. असा माणूस फसवत नसतो."

डेल्मरचा चेहरा असा खुलला! कित्येक आठवड्यांत मी तो तसा पाहिला नव्हता. "हो साहेब, तसंच झालं! अगदी तसंच!"

"मग हे कशाला?" कोचनी डब्याकडे बोट केलं. "नुसता विसरलेला माणूस अर्धं राज्य ओलांडून गोडधोड घेऊन माफी मागायला येत नाही. त्याची झोप उडत नाही."

"अहो, खोटं बोलायचा स्वभावच नाही त्याचा!" मी मध्ये पडले.

"तुम्ही त्याच्या कोण, बाई?"

"बहीण."

कोचनी मान हलवली, डबा सावकाश माझ्याकडे सरकवला आणि दार उघडून धरलं. "पोरांचं ऐकायला हवं होतं मी," म्हणाले. रागावले असते तर बरं झालं असतं.

परतीच्या वाटेवर डेल्मरच गाडी चालवत होता. गाव जवळ आलं तेव्हा कोठाराचा उंच मनोरा दिसायला लागला, तशी त्यानं गाडी कडेला घेतली.

"इर्मा," तो म्हणाला, "अख्ख्या जगात एक माणूस मला सरळ समजत होता. आणि त्याचा तो समज मी स्वतः जाऊन मोडून आलो."

मी हात धरायला गेले, तर त्यानं तोंड खिडकीकडे फिरवलं.