अशक्तपणाचा रकाना

माझ्या धाकट्या जावेच्या केसपेपरवर पाच महिन्यांत पाच वेळा एकच शब्द लिहिला होता: अशक्तपणा. पाची वेळा त्याच लाल गोळ्या. मला खरं कळलं ते धुण्यावरून. दोरीवरच्या तिच्या साडीच्या घडीत जुन्या लुगड्याची फडकी लपवून वाळत घातलेली दिसली. बाई बासष्ट वर्षांची. पाळी जाऊन दहा-बारा वर्षं झालेली.

"कधीपासनं?" मी विचारलं.

"काय कधीपासनं, आक्का?"

"ती फडकी काय गोठा पुसायला हायत?"

तेव्हा बाई बोलली. दिवाळीपासून अधूनमधून अंगावरून लाल जात होतं. मी उभी पेटले. "मग डॉक्टरला का न्हाय सांगितलं?"

"सांगितलं की. अशक्तपणा हाय म्हणून."

"अगं, पण का?"

"तुमीच शिकवलं व्हतं न्हवं?"

शिकवलं होतं. मी नर्स. तरुणपणी इंदापूरकडच्या एका सरकारी दवाखान्यात होते. कडक खळ घातलेली पांढरी साडी, हातात रजिस्टर आणि डोक्यात निव्वळ भुसा! रजिस्टरात रकाने होते: ताप, खोकला, जुलाब, जखम, अशक्तपणा आणि शेवटी इतर. 'इतर'मधला आकडा वाढला की वरचे साहेब मीटिंगमध्ये उभं करायचे, हे इतर म्हणजे काय ते सांगा. इकडं बायका माझ्या कानाशी लागून अंगावरचं सांगायच्या. डॉक्टर पुरुष, बाहेर रांगेत सासरे आणि दीर. मग या शहाणीनं युक्ती काढली. "आत गेल्यावर अशक्तपणा सांगा, बाकी मी बघते." बाकी मी काय बघत होते, कपाळ? गोळ्या देत होते. माझा मासिक अहवाल इतका स्वच्छ असायचा की साहेब तो दुसऱ्या नर्सांना दाखवायचे. त्या कौतुकानं मी अशी फुगले होते की नवरासुद्धा एखाद्या रकान्यात बसवला असता. जाऊ नवी नवरी म्हणून आली तेव्हा तिलाही मी हाच धडा दिला.

दुसऱ्या दिवशी तिला घेऊन आमच्या भागातल्या दवाखान्यात गेले. कॉम्प्युटरवर एक मुलगी होती.

"आज्जी, तक्रार काय यांची?"

"पाळी गेल्यावर रक्त जातंय," मी खणखणीत सांगितलं. मागची रांग माना पुढं काढून बघायला लागली. जावेनं पदर तोंडावर ओढला.

मुलगी पडद्यावर बघत म्हणाली, "आधीचं अशक्तपणा हाय. तेच पुढं चालू करते."

"न्हाय. मी सांगितलं ते लिही."

"यादीत सापडंना, आज्जी. इतर टाकलं तर खाली सगळं टाईप करावं लागतं. रांग बघा की किती हाय."

माझं डोकंच फिरलं. रजिस्टर गेलं, कॉम्प्युटर आला, यादी मारुतीच्या शेपटीएवढी लांबली आणि 'इतर'ची भीती होती तिथंच!

"यादीत गरोदर हाय का?"

"हाय की."

"मग माझ्या नावावर टाक."

"आज्जी!"

"टाक गं. बहात्तराव्या वर्षी दिवस गेलेत म्हण. ते वाचून तरी कुणी तपासायला उठंल."

रांग खदाखदा हसली, तसा डॉक्टर बाहेर आला. नातवाच्या वयाचा. मी पाची केसपेपर त्याच्या हातात दिले. ते वाचून त्याचे कान लाल झाले.

"आजी, यांनी अशक्तपणाच सांगितला होता."

"सांगितला आणि तुम्ही लिहून घेतला. तो कशानं आला, हे विचारायला रकाना नाही वाटतं?"

त्यानं सिस्टरला बोलावलं, आम्हाला आत घेतलं, दार लावलं. जावेनं जमिनीकडे बघत, पण स्वतःच्या तोंडानं सांगितलं, "रक्त जातंय, डॉक्टर. लई दिवस झालं." बाहेर आलो तर मुलीनं 'इतर'खाली ते अख्खं वाक्य टाईप केलं होतं. बारामतीच्या मोठ्या दवाखान्याची चिठ्ठी हातात पडली.

तिथं तुकडा काढून तपासायला पाठवला. कॅन्सर निघाला. पिशवी काढली. तिथली डॉक्टरीण म्हणाली, "वेळेत आलात." जावेनं हात जोडले.

"वेळेत कसलं?" मी म्हणाले. "पाच महिने खेटे घालतीय ही."

"आक्का, आता तरी गप बसा," जाऊ खाटेवरून कण्हली.

बसले गप. तिच्या उशाशी बसून मला इंदापूरकडची एक बाई आठवत होती. दवाखान्याच्या कडुनिंबाला शेळी बांधून आत यायची, माझ्या कानाशी लागून हेच सांगायची. तिन्ही खेपांना तिच्या नावापुढं मी अशक्तपणा लिहिला. चौथ्यांदा ती आली नाही. बरी झाली असेल म्हणून मी पान उलटलं होतं.